परक्या नावाचे किलोमीटर

"तो फोटो पुसून टाक."

वेनिंग धापा टाकत त्याच्यासमोर उभी राहिली. रविवारी सकाळी इंडोनेशियातल्या सोलो शहराचा मोठा रस्ता गाड्यांना बंद. अख्खं शहर धावायला उतरतं. धावणारे थोडे, धावतानाचे फोटो मिरवणारे फार. हा फोटोवाला, जात्मिको, चिंचेच्या झाडाखाली उकिडवा बसला होता.

"का? छान आलाय. नाव काय तुझं?"

तिनं कमरेच्या पट्ट्यातल्या मोबाईलकडे पाहिलं. "क्लारिसा."

मोबाईल क्लारिसाचा होता. क्लारिसा घरी एसीत लोळत होती. दहा किलोमीटर धावायचे वेनिंगनं, घाम वेनिंगचा, आणि धाव मोजणाऱ्या ॲपवर शाबासकी क्लारिसाला. पैसे देऊन दुसऱ्याला धावायला लावायची निर्लज्ज फॅशन होती ही, आणि वेनिंग तिच्यावरच जगत होती. चेहरा दिसला की काम गेलं.

पुढच्या रविवारी तो तिथंच.

"क्लारिसा, आज तरी हसशील?"

"आज मी नादीन—" तिनं जीभ चावली. आज पट्ट्यात नादीनचा मोबाईल होता.

त्यानं कॅमेरा खाली घेतला. "खरी क्लारिसा परवा भांडून गेली. एवढी धावले, माझा एकही फोटो कसा नाही, म्हणे."

वेनिंगनं पट्ट्यातला मोबाईल हातानं झाकला. "तू… सांगितलंस?"

"म्हटलं, तुम्ही इतक्या जोरात गेलात की कॅमेऱ्याला दिसलाच नाहीत."

ती खळखळून हसली. चिंचेची बारीक पानं केसांत पडली. त्याचा हात पुढे आला… अर्ध्यावरच थांबला.

"पान आहे."

"असू दे."

आठवडाभर ते पान जणू केसांतच राहिलं. दोन वर्षं धावली, तिच्या नावावर एक पाऊल नव्हतं. त्याचं दुःख नव्हतं. पण जात्मिकोच्या तोंडी परकं नाव… ते सोसवेना.

तिसऱ्या रविवारी त्यानं स्वतःचा मोबाईल पुढे केला. "यावर पाच किलोमीटर धावशील?"

म्हणजे हाही त्यातलाच. "धावते की. धंदाच आहे माझा." तिनं तो हिसकावला. पडद्यावर त्याच ॲपचं नवं खातं उघडलेलं, त्यावर तिचाच फोटो होता, दोन्ही पाय हवेत, पुसून टाक म्हटलेला. खाली नावाची जागा रिकामी.

"नाव टाकायचं राहिलंय तुझं."

"माझं नाही." तो कॅमेऱ्याच्या पट्ट्याशी चाळा करत होता. "ज्याचं आहे, त्यानं टाकावं."

नाव टाकून तिनं कमरेचा पट्टा सोडला, परक्या मोबाईलसकट त्याच्या मांडीवर ठेवला. "आज क्लारिसा-नादीनला सुट्टी."

"काम जाईल."

"जाऊ दे."

ती निघाली. रस्त्याकडेचा रेल्वेचा रूळ उन्हात चमकत होता, फेरीवालीच्या केळीच्या पानावरच्या भाताला नारळाचा वास होता… दोन वर्षांत हे जाणवलंच नव्हतं. परतली तेव्हा तो उभा राहून वाट पाहत होता. तिनं मोबाईल दिला.

"वेग फारच वाईट आहे, वेनिंग."

"पुन्हा म्हण."

"वेग वाईट—"

"नाव रे, वेड्या."