खालून येणारी साथ

वरच्या मजल्यावर स्टामेनकाकांचं ड्रिल सकाळपासून चालू होतं. प्लोवदिव शहरातल्या या सिमेंटच्या इमारतीत एकाने भिंतीला भोक पाडलं की सगळ्यांच्या दाढा शिवशिवतात. दुपारी दोन ते चार आवाज करू नये, अशी पाटी खाली दारातच होती. काका ती वाचूनच वर जात असावेत.

झोर्नित्साचं बाळ, कलोयान, दचकून दचकून रडत होतं. एवढ्याशा कानांना हे कसं सोसावं? तिने त्याबद्दल सापडेल ते वाचलं होतं, आणि वाचल्यापासून तिचीच झोप उडाली होती.

शेवटी तिने चमचा उचलला आणि इथे सगळेच करतात ते केलं. हीटरच्या नळीवर तीनदा ठोकलं. घरं उबदार ठेवणारी ही गरम पाण्याची नळी सगळ्या घरांतून वर जाते, निरोप पोचतो.

खालून कुणीतरी तीनदा ठोकून साथ दिली. ड्रिल थांबलं.

"त्सोनकामावशी आहेत हं आपल्या बाजूने," ती बाळाला म्हणाली. खाली तेवढं एकच घर होतं.

पुढे तिला चमचाही उचलावा लागेना. समोरच्या घरातला कुत्रा भुंकला, की खालून ठक, ठक, ठक. गप्प. कुणाचा रेडिओ वाजला, की तेच. कलोयान गाढ झोपू लागला. बाल्कन्यांतून मिरच्या भाजल्याचा वास येई, आणि किती दिवसांनी तिची कॉफी गरम असतानाच पिऊन होई.

मग एके दुपारी काका दारात आले.

"पोरी, कानाचा डॉक्टर आहे का गं कुणी ओळखीचा?"

"का हो?"

"ड्रिल फिरतं, भोक पडतं, पण आवाजच नाही. बायको तर म्हणते, देव पावला!"

ती हसली. तेवढ्यात काकांच्या मागे तिला समोरचा कुत्रा दिसला. जबडा उघडत होता, मिटत होता. मानेची शीर तट्ट फुगली होती.

आवाज नव्हता.

बाळ झोपलेलं. दार उघडंच टाकून ती खाली धावली.

"मावशी, आता नळीवर ठोकू नका. पाया पडते."

"मी?" मावशींच्या पायाशी चटणीच्या बरण्यांनी भरलेल्या पिशव्या होत्या. "अगं, महिनाभर गावाला होते मी. आत्ता कुलूप काढतेय."

वर कलोयान जागा झाला. त्याचं रडणं जिन्यातून खाली आलं.

मावशींच्या बंद घरात, आतल्या खोलीत, ठक.

ठक.

झोर्नित्सा धावत जिना चढू लागली.

ठक.

"झोपला बघ पुन्हा," खालून मावशी म्हणाल्या. "किती गुणी बाळ गं!"

स्वयंपाकघरात फ्रिज घुमत होता. तिला तो स्पष्ट ऐकू येत होता.

पाळण्यात कलोयान लालबुंद झाला होता. तोंड उघडं होतं, आणि डोळ्यांतलं पाणी ओघळून कानांत साचत होतं.