आपोआप बंद होणारा चार्जर

पनवेलला उरणच्या रस्त्यालगत निसीमचं मोटारदुरुस्तीचं दुकान होतं आणि दुकानाला चिकटूनच घर. मधे नुसती फळ्यांची भिंत. बायकोच्या, दिनाच्या कालवणाचा वास दुकानात आणि दुकानातल्या ग्रीसचा वास घरात, असा दोघांचा संसार सुखाने चालला होता. त्यात आता तान्ही जेरुशा आली होती. साठ सालच्या पुढेमागे घडलेली ही गोष्ट.

निसीम बेने इस्रायल, म्हणजे कोकणातला ज्यू. शुक्रवारी सूर्य बुडाला की शनिवारी आकाशात तारे दिसेपर्यंत त्याचा शब्बाथ, विसाव्याचा पवित्र दिवस: ना विस्तवाला हात, ना विजेच्या बटणाला, ना दुकानातल्या कामाला. लॉरीवाले मात्र नेमके शुक्रवारीच बसलेल्या बॅटऱ्या आणून टाकायचे आणि शनिवारी रात्री मागायला यायचे. बॅटरी चार्जिंगला लावणं सोपं असतं. पण भरल्यावरही वीज चालू राहिली, तर आतलं तेजाबाचं पाणी खदखदतं आणि त्यातून सुटणारा वायू एका ठिणगीने भडकतो.

म्हणून इतकी वर्षं दाजी यायचा. मिठागरावरचा आगरी म्हातारा. शुक्रवारी दिवेलागणीला खोकत खोकत दुकानात शिरायचा. वायू बाहेर जावा म्हणून खिडकी उघडायचा, बॅटरीची बुचं काढून करवंटीत ठेवायचा आणि चार्जिंग पुरतं झालं की भिंतीवरचं बटण बंद करायचा. तोवर तंबाखू मळत बसायचा. चुन्याचं बोट भिंतीला पुसायचा, त्यावरून दिना दर आठवड्याला कुरकुरायची आणि दर आठवड्याला त्याला चहा पाठवायची.

तो दाजी गेल्या पावसाळ्यात वारला. त्याच्या जागी दुसरा माणूस ठेवायचं निसीमच्या जिवावर आलं. तो सरळ मुंबईला गेला. दुकानदार दयारामने पुढ्यात चार्जर मांडले, कुणाची ताकद सांगितली, कुणाची तार दाखवली. निसीमने एकच विचारलं, यातला आपला आपण बंद कुठला होतो? दयारामने हिरव्या पेटीवर थाप मारली. बॅटरी सहा व्होल्टची की बारा, तेवढी मूठ फिरवायची, लाल चिमटा अधिकला, काळा उण्याला, की खुशाल झोपायचं. बॅटरी भरली की आतली पट्टी सुटते आणि वीज तुटते. निसीमने पेटी उचलली. माणूस गेला तरी काम अडत नाही असं त्याला वाटलं, आणि वाटल्याबद्दल थोडं वाईटही वाटलं.

पहिलाच शुक्रवार. काशिरामच्या मिठाच्या लॉरीची बॅटरी आली ती ऊन कलल्यावर. निसीमने घाईघाईने चिमटे लावले, मूठ फिरवली, चार्जर गुणगुणायला लागला तसा तो आंघोळीला पळाला. घाईत बुचं काढायची राहिली, खिडकीही बंदच राहिली.

आठवलं ते सूर्य बुडाल्यावर, प्रार्थनेसाठी मनुकांच्या सरबताचा पेला हातात घेतल्यावर. फळ्यांच्या भिंतीशी शब्बाथचा तेलाचा दिवा टांगलेला होता. त्याखाली पाळण्यात जेरुशा झोपली होती. निसीमने स्वतःची समजूत घातली, यंत्र आपोआप बंद होणार आहे.

प्रार्थना झाली, भाकरी मोडली, जेवणं उरकली. पलीकडची गुणगुण चालूच होती. मग तिचा सूर बदलला, जड झाला. फटींतून आंबूस, नाकाला झोंबणारा वास यायला लागला…

"बंद होतो म्हणाला होतात ना?" दिना हळूच म्हणाली.

लॉरीच्या बॅटरीच्या बुचांची भोकं नेहमी चिखलाने बुजलेली, वायू आतच कोंडणार. बॅटरी फुटली तर तेजाब उडणार, आणि फळीच्या या बाजूला उघडी ज्योत, तिच्याखाली लेक. जीव वाचवायला शब्बाथ मोडावा लागला तर देवाची हरकत नसते, हे त्याला ठाऊक होतं. तरी बापजाद्यांनी कधी न मोडलेला दिवस आपल्या हातून मोडणार, हे मनाला पटेना. त्याने दिनाला आणि लेकीला मागच्या अंगणात काढलं आणि तो किल्ली घेऊन दुकानाच्या दाराकडे धावला.

बाहेर गुडूप अंधार होता. खाडीकडून वारा येत होता. त्याने कुलपाला किल्ली लावली, आणि तेवढ्यात आत कुणीतरी खोकलं.

तो खोकला त्याच्या ओळखीचा होता. निसीमचा हात कुलपावर तसाच राहिला. आत पावलं सावकाश फिरली. खिडकीची कडी कुरकुरली आणि झडप आतून बाहेर ढकलली गेली. मग करवंटीत काहीतरी पडल्याचा आवाज… पुन्हा एक… पुन्हा एक.

"शेट…" आतून आवाज आला, अगदी दाराशी. "तुमी भायेरच रावा. आज तुमचा वार हाय…"

खट्कन बटण वाजलं. गुणगुण थांबली.

निसीम दारातच खाली बसला. बाहेर कुणी आलं नाही. वाऱ्याने वास हळूहळू ओसरला, तेव्हा त्याला भीती उरलेली नव्हती, नुसतं रडू येत होतं. अंगणात येऊन त्याने लेकीला छातीशी धरलं. तो खोकला दिनानेही ऐकला होता.

शनिवारी तारे दिसले तेव्हा दोघांनी कुलूप काढलं. चार्जरची आतली पट्टी वितळून चिकटली होती. ती काही केल्या सुटली नसती. भिंतीवरचं बटण मात्र बंद होतं. बॅटरीची बुचं कोपऱ्यातल्या करवंटीत नीट ठेवलेली होती. ती करवंटी पावसाळ्यापासून कुणी उचलली नव्हती.

मग दिना म्हणाली, "पुढच्या शुक्रवारी बुचं आठवणीने काढा. म्हातारा माणूस, त्याला किती वेळा यायला लावायचं?"

निसीमला हसू आलं, कालपासून पहिल्यांदाच. दिनाने सवयीने पदराचं टोक घेतलं आणि बटणाशेजारचा चुन्याचा डाग पुसायला गेली. पदर लागताच चुना पसरला. रात्र आणि अख्खा दिवस उलटून गेला होता, तरी तो अजून ओला होता.