कावलच्या जागी

चीज भरलेल्या गरम बनित्साच्या दुकानापुढच्या रांगेत नेवेना आपल्याच नादात गुणगुणत होती. मध्येच ती थांबली, तर मागून आवाज आला, "थांबलात का? पुढचं म्हणा ना..."

ती गर्रकन वळली. विस्कटलेल्या केसांचा एक तरुण हसत उभा होता. आसेन त्याचं नाव. स्वतःचा पहिलाच सिनेमा करत होता, आणि संगीतकार मिळत नव्हता. झालं! हातातली गरम बनित्सा संपायच्या आत नेवेनाला संगीतकार म्हणून आयुष्यातलं पहिलं काम मिळालं.

आता मात्र तिचं डोकं पार चक्रावलं होतं. म्हाताऱ्या मेंढपाळाच्या शेवटच्या प्रसंगासाठी तिनं चाल बांधली. वादक मिळेपर्यंत कावलच्या, म्हणजे मेंढपाळांच्या लांब बासरीच्या, जागी स्वतःच गुणगुणून पाठवायचं, ही तिची रीत. "वा!" आसेन म्हणाला होता. महिन्यानं कावलवादक मिन्चोकाका आले, खरा कावल वाजवला... नेवेनाचे डोळे भरून आले. आसेनचं तोंड मात्र उतरलं.

"काहीतरी... हरवलंय."

काकांनी पुन्हा वाजवलं. पुन्हा तेच.

"अरे बाबा, सासूसारखी नाकं काय मुरडतोस!" काका वैतागून कॉफी प्यायला निघून गेले.

शुक्रवारी सिनेमा महोत्सवाला जायचा होता. गेलं काम हातचं, नेवेनाला वाटलं. आणि हा माणूसही... रडू नक्की कशाचं येतंय, तेच तिला कळेना.

"दुसरा संगीतकार बघ," ती म्हणाली. "चाल आवडली नाही, तर सरळ सांगायचं होतंस."

"चाल आवडते गं! पण..." आसेननं केसांतून हात फिरवला. "महिनाभर संकलन करताना रोज तुझंच गुणगुणणं ऐकतोय. मागे तुझी किटली शिट्टी मारते, मध्येच तू शिंकतेस... आता त्याशिवाय करमतच नाही. सिनेमा बिघडलाय की मी, देव जाणे."

नेवेना कानापर्यंत लाल झाली. इश्श! शिंकसुद्धा ठेवली होती यानं?

"मग तुझाच आवाज ठेवू या?" त्यानं आशेनं विचारलं.

मन हो म्हणत होतं. पण पडद्यावर तो म्हातारा एकटाच डोंगर चढत होता.

"नाही," ती म्हणाली. "त्याच्यासोबत कावलच जाईल. तिथं माझं काय काम?"

"आणि... गुणगुणणं?"

"ते ऐकायचं असेल तर उद्या सकाळी रांगेत ये. पण मागे नाही हं... शेजारी उभं राहायचं."