भिंतीचा कट्टा

चपलेचा अंगठा तुटला म्हणून गणिताचे नवे सर कट्ट्यावर बसले होते. शाळेतला त्यांचा पहिलाच दिवस, कोणी काही सांगितलेलं नव्हतं. मी चित्रकलेची बाई. रंगाचे डबे घेऊन चालले होते, अनोळखी माणूस त्या कट्ट्यावर दिसला म्हणून सावध करायला गेले. डबे जड होते, जरा टेकले... आणि झालं. वरच्या खिडकीतून एक मुलगी ओरडली, "नवे सर आणि चित्रकलेच्या बाई भांडले!"

"आपण कधी भांडलो?" ते गोंधळून म्हणाले.

"भिंतीवर बसलाय. आता सुटका नाही."

मग मी त्यांना शाळेचा इतिहास सांगितला. पूर्वी इथे दोन शाळा होत्या, एक मुलांची, एक मुलींची, आणि मध्ये पुरुषभर उंचीची भिंत. मुलांकडे मैदान, मुलींकडे प्रयोगशाळा, आणि दोन्हीकडचे मुख्याध्यापक एकमेकांचं तोंड पाहायला तयार नाहीत. शेवटी पालकांनीच कंबर कसली, भिंत पाडली आणि दोन्ही शाळा एक केल्या. तेव्हापासून सरकारचं अनुदान नाही, कोणा धनिकाचा वरदहस्त नाही. पगार कधीकधी रेंगाळतो, पण शाळा स्वतःच्या मतानं चालते. पहिल्याच आठवड्यात ते दोघे मुख्याध्यापक मैदानावरून कडाकडा भांडले. मग पडलेल्या विटांवर बसून त्यांनी ठरवलं, की आपली बाजू मांडायची नाही, समोरच्याची मांडायची. त्याला पटली तर त्यानं 'बरोबर' म्हणायचं. दोघांचं 'बरोबर' झालं की उठायचं. त्याच विटांचा हा कट्टा; सगळे त्याला अजून भिंतच म्हणतात, आणि दोघं इथे बसले की ते भांडलेत असंच धरतात. इथे शिपाई भांडो की पहिलीतलं पोर, न्याय असाच होतो.

सरांनी खिडक्यांतून डोकावणारी पोरं पाहिली. मग माझ्याकडे वळून अगदी गंभीरपणे म्हणाले, "मी चित्रकलेची बाई. माझ्या बोटांना इतका सुंदर निळा रंग लागलाय, आणि या गणिताच्या मास्तराला त्याचं कौतुकच नाही. म्हणून मी रागावलेय."

मी बोटं पदरात लपवली. "मी गणिताचा मास्तर," मी म्हटलं. "माझी चप्पल तुटलीय आणि ही बाई मदत करायची सोडून इतिहास शिकवतेय."

"बरोबर," ते हसले. मीही 'बरोबर' कशी म्हणून गेले, देव जाणे.

त्यानंतर सरांना माझ्या वर्गात सारखं काहीतरी लागू लागलं. कधी मोठा कंपास, कधी रंगीत खडू. केसांत खडूची भुकटी घेऊन यायचे, मुलांची चित्रं बघत उभे राहायचे, आणि नेलेली वस्तू परत करायला पुन्हा यायचे. दुपारी जिन्यात त्यांची पावलं ऐकू आली की माझा हात थांबायचा... मुलांना सगळं कळत होतं. मलाही कळत होतं, पण कबूल कोण करणार?

आणि एक दिवस दुसऱ्या शहरातल्या एका मोठ्या शाळेचं त्यांना बोलावणं आलं. शिक्षकांच्या खोलीत त्यांनी सगळ्यांना सांगितलं, मला सगळ्यांत शेवटी. मी म्हटलं, "अभिनंदन," आणि ब्रश धुवायला घेतला.

"एवढंच?"

"मग काय, बँड लावू?"

आई म्हणते ते खोटं नाही, मी नाकावर माशी बसू देत नाही. आठवडाभर आम्ही दोघं तोंडात मिठाची गुळणी धरून हिंडलो. शेवटी मोठ्या बाईंनी, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिकांनी, मला आणि सरांना बोलावलं. सरांना त्या शाळेला उद्या उत्तर कळवायचं होतं. "काय ते आज मिटवा," त्या म्हणाल्या. "जा, बसा भिंतीवर."

विटा उन्हानं तापल्या होत्या. सर चपलेच्या अंगठ्याशी चाळा करत बसले. मग मीच सुरुवात केली.

"मी गणिताचा मास्तर. मी हिला शेवटी सांगितलं, कारण... कारण हिच्या तोंडून 'जा' ऐकायची माझी हिंमत नव्हती."

"बरोबर," ते हळूच म्हणाले.

"मला जायचं नाहीये. कोणीतरी थांब म्हणावं, एवढंच हवंय."

"बरोबर."

आता त्यांची पाळी. त्यांनी माझ्या बोटांकडे पाहिलं. आज बोटांना पिवळा रंग होता.

"मी चित्रकलेची बाई. मी थांब म्हणत नाही, कारण हा माझ्यासाठी थांबला आणि पुढे पस्तावला, तर ते मला सोसवणार नाही. पण हा गेला तर..." त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "हा गेला, तर माझ्या वर्गात कंपास मागायला कोणी येणार नाही. आणि मला ते चालणार नाही, कारण माझं याच्यावर प्रेम आहे."

माझे डोळे भरून आले. इतकी नीट तर मलाही माझी बाजू मांडता आली नसती.

"बरोबर," मी म्हटलं. "थांबा."

दोघांचं 'बरोबर' झालं होतं. नियमाप्रमाणे उठायला हवं होतं. त्यांनी माझी पिवळी बोटं हातात घेतली, आणि आम्ही बसूनच राहिलो.

"बाई, मिटलं ना भांडण?" वरून तीच मुलगी ओरडली. "मग उठा की!"

मोठ्या बाई तिच्या मागे येऊन उभ्या राहिल्या. आमच्याकडे क्षणभर पाहिलं, आणि हलकेच खिडकी लावून घेतली.