ओढणीवरचं पीठ

निशूनं मोजडीत पाय घातला आणि काहीतरी टोचलं. मोजडी उलटी करून झटकली तर अंगणात काडतूस पडलं.

तिचा नवरा सोमबीर यानं तिला मागे ओढलं. दोघांचं गोत्र एक, त्यामुळे निशूच्या माहेरच्यांनी भर पंचायतीत दोघांना संपवायचं ठरवलं होतं. हायकोर्टानं पोलीस संरक्षण द्या म्हटलं, म्हणून दोघं हरियाणातल्या कैथलच्या या सरकारी कोठीत, म्हणजे बंगल्यात, लपलेली. आता पत्ता फुटला होता. कोणी फोडला हे कळल्याशिवाय दुसरी कोठीसुद्धा फुकट.

हवालदार ओमपतीनं काडतूस उचललं. "चला, आहेर आला एकदाचा," ती म्हणाली. एरवी ती निशूलाही चिडवायची, कारण नव्या नवलाईची ही सून दिसेल त्या शिपायापुढे हौसेनं घुंगट ओढायची.

सकाळपासून तीनच पुरुष आत आले होते. दारावरचा शिपाई रणसिंग, सिलिंडरवाला आणि वकिलाचा मुन्शी धर्मपाल. मुन्शीवर कोण संशय घेणार? अर्ज घेऊन कोर्टात तोच धावला होता. आपण रोहतकचे, इकडचं कुत्रंही ओळखत नाही, असं तो म्हणाला. बाकीच्या दोघांनीही कानावर हात ठेवले.

ओमपती स्वयंपाकघरात गेली. स्वयंपाकीण मूर्ती घुंगट न घेता कणीक मळत होती.

"या तिघांपैकी कोणाला ओळखतेस?"

"कोणालाच नाही."

"सकाळी कोण दिसलं?"

"मी कणकेत होते. मान वर केली नाही."

ओमपतीनं तिच्या ओढणीकडे पाहिलं. कपाळावरच्या काठाला बोटांचं पीठ सुकलेलं होतं.

मग ओमपतीनं स्वतः चहा केला, साखरेच्या जागी मूठभर मीठ टाकलं, आणि बाहेर थांबवून ठेवलेल्या तिघांना तो पाठवला.

पहिला रणसिंग थुंकत आत आला. मूर्ती खदखदून हसली. मागोमाग सिलिंडरवाला आला. त्याला तिनं तोंडावर सुनावलं, की फुकटच्या चहाला नावं ठेवू नकोस. शेवटी मुन्शी कप घेऊन दारात उभा राहिला. मूर्तीचा कणकेनं भरलेला हात वर गेला. घुंगट थेट हनुवटीपर्यंत, आणि तोंड भिंतीकडे.

"सापडलात, मुन्शीजी," ओमपती म्हणाली.

"मी काय केलं?"

"ही शिपायासमोर तोंड झाकत नाही, परक्यासमोरही नाही. आमच्याकडे बाई तोंड झाकते ते सासरच्या थोरल्यांपुढे. माहेरच्या माणसापुढे कधीच नाही. हात धुवायलाही थांबली नाही ती, सकाळी आणि आत्ताही. म्हणजे तुम्ही, वय पाहता, हिचे थोरले दीर. आणि हिचं सासर म्हणजे पंचायत बसली तेच गाव. मग रोहतक कशाला सांगितलंत? मूर्ती, खरं ना?"

घुंगट होकारार्थी हललं. थोरल्या दिराविरुद्ध तोंड उघडायचं नसतं, म्हणून तिनं ओळख लपवली होती.

मुन्शीनं कप खाली ठेवला.

"गावानं पत्ता मागितला. काडतूस हातात दिलं. नाही म्हटलं असतं तर हुक्का-पाणी बंद, सगळं घर वाळीत. माझ्या पोरी तिथेच राहतात, हवालदारीणबाई. त्यांना कोर्ट शिपाई देतं का?"



मुन्शीला गाडीत घातलं. दुपारीच निशू आणि सोमबीरला दुसऱ्या कोठीत हलवलं. तिथली स्वयंपाकीण ओमपतीनं स्वतः पारखून घेतली. निशू कितीतरी दिवसांनी पोटभर जेवली.

मग नवा बंदूकधारी शिपाई आत आला. वयानं मोठा, पिकल्या मिशांचा. निशूचा हात सवयीनं ओढणीकडे गेला आणि मध्येच थांबला. चेहरा उघडाच राहिला. पांढराफटक.

ओमपतीनं ते पाहिलं. तिनं त्याच्या हातातला आदेश घेऊन वाचला, पुन्हा वाचला. शिक्का खरा. साहेबांना फोन लावून दुसरा शिपाई मागितला. साहेब वैतागून म्हणाले, कोर्टानं शिपाई द्या म्हटलंय, कुठल्या गावचा ते म्हटलेलं नाही. आणि तुमची ड्यूटी संपली.

"बरी आहेस ना, बेटी?" शिपायानं विचारलं, आणि फाटकाला आतून कडी घातली.