मिठाचा महिना

भिंतीवरच्या कॅलेंडरला बारा पानं लागतात, म्हणून मिदहतने मिठाचा महिना कापून टाकला. मला न विचारता.

मिदहत माझा धाकटा भाऊ. नसलेल्या एका जगाच्या कादंबऱ्या लिहितो, दोन चंद्रांच्या. त्या जगाची कालगणना मात्र माझी. अलेक्झांड्रियात मुलींच्या शाळेत मी तीस वर्षं गणित शिकवलं. त्याला तेराचा पाढा अजून येत नाही. अठ्ठावीस दिवसांचे तेरा महिने आणि वर्षाअखेरी एक सुटा दिवस. लक्षात राहावं म्हणून प्रत्येक महिन्याचा सण मी घरातल्या एकेका माणसाच्या जन्मदिवशी ठेवला होता. जिवंत आणि गेलेली धरून तेरा माणसं. मिठाचा महिना आईचा. त्याच्या पुढचा जाळ्यांचा, तो मिदहतचा.

यंदा त्याच्या प्रकाशकाने वाचकांसाठी ते कॅलेंडर छापलं, शेजारी आपल्या नेहमीच्या तारखा घालून. खाली 'रचना : मिदहत'. आयत्या बिळावर नागोबा! मी पानं चाळली. चार सप्टेंबरनंतर एकदम तीन ऑक्टोबर.

मी फोन लावला. "अठ्ठावीस दिवस कुठे गेले?"

"ताई, कोण मोजत बसतंय? भिंतीवर बाराच पानं बरी दिसतात."

"आणि कापायला तुला आईचाच महिना मिळाला?"

"मग काय तुझा कापायचा होता?" तो खो खो हसला. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

पाच सप्टेंबरला, शुक्रवारी, आई सकाळी बाल्कनीत मुलुखियाच्या पालेभाजीची पानं खुडत बसली होती. खालून ट्राम खडखडत गेली. "आणि कांदे? त्या मेल्या भाजीवाल्याने काल..." एवढं बोलून ती थांबली. मला वाटलं, ट्रामचा आवाज जाऊ देतेय. ट्राम गेली. आईचे डोळे उघडे होते, भाजीची काडी हातात होती, श्वास चालू होता. पण हाक ऐकू जात नव्हती.

डॉक्टर म्हणाले, मेंदूचा झटका असावा. आम्ही तिला खाटेवर निजवलं. काडी मुठीतून सुटेना. मिदहत आला, रडला, मग जिन्यात उभा राहून फोनवर कुणाला तरी मुलाखत देऊन आला.

रविवारपर्यंत परातीतली भाजी काळी पडून वास मारायला लागली. आईच्या मुठीतली काडी हिरवीगार होती. तिच्या एका पानावर धुतल्याचा थेंब होता, तो वाळला नव्हता. आईचे ओठही सुकले नव्हते. नर्सने सलाईन लावलं, तर बाटलीतलं पाणी उतरेना. तिने तीन वेळा सुई बदलली आणि उद्या येते म्हणून गेली. पुन्हा आली नाही.

मी कॅलेंडर काढलं. पाच सप्टेंबर. मिठाच्या महिन्याचा पहिला दिवस.

"प्रकाशकाला सांग, ते पान परत घाल," मी मिदहतला फोनवर म्हटलं.

"आई अंथरुणाला खिळलीय आणि तुला कॅलेंडरची पडलीय? लाज वाटते का जरा?"

लाज! त्याने मला लाज शिकवावी!

बुधवारी सकाळी मी पुठ्ठ्यावर रेघा मारल्या, अठ्ठावीस तारखा लिहिल्या, आईचा सण लाल शाईने लिहिला आणि ते पान मधे अडकवलं. काही झालं नाही. तेरा पानं झाली होती. भिंतीवर बाराच लागतात.

एक काढायला हवं होतं.

गेलेल्यांची पानं काढून पाहिली, एकेक करून. काही झालं नाही.

मग माझं धरलं, खोटं कशाला बोलू? पण मी थांबले तर आईला कोण बघणार? तो?

जाळ्यांच्या महिन्याचं पान मी ओढून फाडलं.

"...सडकेच घातलेत," खाटेवरून आई म्हणाली.

मिदहतला सांगायला माझ्याकडे तीन आठवडे होते. मी सांगितलं नाही. रोज फोन उचलायची, आणि रोज त्याचं ते हसू आठवायचं.

तीन ऑक्टोबरला, शुक्रवारी, तो मासे घेऊन जेवायला आला. "बघ, आई ठणठणीत! तू उगाच अकांडतांडव केलंस. पुढच्या वर्षी तर प्रकाशक म्हणतोय, दहाच पानं..."

घास तोंडापाशी राहिला. चमच्यातल्या भाताची वाफही तिथेच राहिली, वर जाईना.

मी ओरडले नाही. आईसुद्धा नाही. तिने त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि आपल्या ताटातल्या माशाचा काटा काढायला घेतला.

"राहू दे. तिथं त्याची आबाळ नाही व्हायची," ती म्हणाली. "माणसं चांगली आहेत. जेवू घालतात."

त्या सहा दिवसांबद्दल ती पहिल्यांदाच बोलत होती.

"कोण माणसं, आई?"

"तुझी जन्मतारीख विचारत होती," आई म्हणाली. "मी सांगितली."