झेयनामावशीचं दार

ओस्तोया हंडा आणायला गेला होता. काम एवढंच. आलुबुखाराची दारू गाळायचा तांब्याचा हंडा पुलापलीकडे मेहुण्याकडे पडला होता आणि इकडे फळं पिंपात आंबून तयार होती. बायको रादोय्का लेकीकडे शहरात गेलेली. दुसऱ्या दिवशी त्यांच्यातला सण होता, ती तिथंच राहणार होती. तारीख सव्वीस ऑक्टोबर, दोन हजार एकोणीस, शनिवार. त्या रात्री घड्याळं तासभर मागे करतात. वर्षातली तेवढी एकच रात्र तासानं मोठी असते.

"ओस्तोया म्हणजे खालच्या आळीतला तो सर्ब म्हातारा ना?" तारिकनं विचारलं. "त्याच्याबरोबर तुम्ही कॉफी पीत बसता ते आईला आवडत नाही, आजोबा."

"तुझ्या आईला माझं बरंच काही आवडत नाही," हायरोआजोबा म्हणाले. "ऐकायचंय की झोपायचंय?"

तारिक आणि त्याची बहीण एदिना उन्हाळ्यापुरती परदेशातून, ग्राझहून आलेली. ओसरीवरचा दिवा आजोबांनी मघाशीच घालवला होता. खाली द्रिना वाहत होती, तिचा तेवढा आवाज. एदिनानं पाय वर ओढून घेतले.

तर ओस्तोया ट्रॅक्टर घेऊन निघाला. हंडा मागे ट्रॉलीत. मेहुण्याकडे दोन घोट झाले होते, पण दोनच. एकच दिवा लागणारा ट्रॅक्टर तो, चालवायचाही बैलगाडीसारखा. पूल ओलांडला, मशिदीच्या भिंतीचं वळण घेतलं, तेव्हा उजेडात पुढं एक बाई चालताना दिसली. डोक्याला पांढरा रुमाल, घोळदार सलवार, काखेत बोचकं. म्हातारी, पण भरभर चालणारी. त्यानं हॉर्न दिला. ती बाजूला झाली नाही. मागं वळूनही बघितलं नाही. त्याला वाटलं, वरच्या आळीतली कुणी असेल, तिकडंच वळेल.

ती त्याच्या फाटकात वळली.

ओस्तोयानं ट्रॅक्टर रस्त्यातच बंद केला आणि मागोमाग गेला. ती पायरीवर उभी होती. रबरी बूट काढून तिनं दारावर तळहात ठेवला. वरून खाली फिरवला, गाईच्या पाठीवरून फिरवावा तसा.

"हिरवाच रंग बरा होता रे," ती म्हणाली. "हा तपकिरी कशाला फासलास?"

आवाज त्यानं लगेच ओळखला.

आता हे दार कुठलं ते सांगतो. ओक लाकडाचं जड दार, आमच्या वरच्या आळीतल्या झेयनामावशीच्या घरचं. तिच्या नवऱ्यानं स्वतः रंधा मारून बसवलेलं. ब्याण्णवच्या जूनमध्ये, युद्धात, सर्बांनी आमच्या मुसलमान लोकांना हाकललं, तेव्हा मी आधीच तुझ्ला शहरात पोचलो होतो. झेयनामावशी मागं राहिली. म्हणाली, म्हातारीला कोण काय करणार. एका रात्री वर गोळ्या सुटल्या, तशी ती अंधारात धावत खाली आली आणि ओस्तोयाचं दार ठोठावलं. ओस्तोयाला तिनं अंगाखांद्यावर खेळवलेलं. रादोय्काच्या पहिल्या बाळंतपणात चाळीस दिवस डबा तिच्याकडून यायचा. "ओस्तोया, बाळा, उघड. मी आहे," एवढंच ती म्हणत होती. आत ओस्तोयानं दिवा फुंकला. रादोय्का उठायला लागली, तर तिचा हात धरून तिला खाली बसवलं...

ठोठावणं बराच वेळ चाललं. मग थांबलं.

पहाटे त्यानं पडद्याआडून बघितलं. त्याचा चुलतभाऊ स्तानोये आणि आणखी एक जण बंदुका घेऊन तिला जुन्या चुन्याच्या भट्टीकडं नेत होते. परत दोघंच आले.

त्या हिवाळ्यात वरची घरं लुटली जात होती. कुणी कौलं नेली, कुणी खिडक्या. ओस्तोयाचं दार कुजलं होतं. तो वर गेला आणि मावशीचं दार बिजागरीसकट काढून आणलं. कुणीतरी नेणारच होतं, असं म्हणाला.

तारिक काहीतरी बोलणार होता. एदिनानं त्याला कोपरानं ढोसलं.

युद्ध संपल्यावर मावशीचा मुलगा रासिम परत आला. दर उन्हाळ्यात एकदा तो ओस्तोयाच्या फाटकाशी उभा राहायचा. "आईचं काही ऐकलंस का? हाडं तरी?" आणि ओस्तोया दर उन्हाळ्यात म्हणायचा, "देवाशपथ, नाही." त्या दाराला पाठ लावून उभा राहून म्हणायचा.

तर ती पायरीवर उभी होती. ओस्तोयाच्या तोंडून काय निघावं? भीतीनं माणूस काहीही बोलतो. तो म्हणाला, "मावशी... ठोठावून तरी यायचं."

"माझ्याच दाराला मी कशाला ठोठावू?"

आणि ती आत गेली. चिडून नव्हती बोलली. साधंच.

तोही पुढं झाला. पायरी चढला, सवयीनं बूट पायातून काढले. दार मिटलं. आतून कडी पडली.

घरात कुणी नव्हतं. रादोय्का शहरात. किल्ली ओस्तोयाच्या खिशात.

त्यानं दार ढकललं. हललं नाही. मग ठोठावलं.

"मावशी, उघड. मी आहे... ओस्तोया."

काही नाही.

पुन्हा ठोठावलं. खिडकीत मिणमिणता उजेड होता. कुणीतरी फुंकर मारली. उजेड गेला.

त्यानं दाराला कान लावला. आत श्वास ऐकू येत होता. एकाचा नाही. दोघांचे. रोखून धरलेले.

मग कुजबुज. पुरुषाची.

"शू... बस खाली. हलू नकोस. जाईल ती."

खाली नदीचा आवाज येत राहिला.

"कोण होतं?" एदिनानं हळूच विचारलं.

"आवाज त्याचाच होता. सत्तावीस वर्षांपूर्वीचा. शब्दही तेच, त्या रात्री रादोय्काला म्हणालेले."

तो रात्रभर दारात बसला. शेजारच्या घरी का गेला नाही, असं मी विचारलं. म्हणाला, कुणाला काय सांगू, माझ्याच घरात मला घेत नाहीत म्हणून? थंडी मरणाची होती. मधूनमधून तो ठोठावत होता. आपण जितका वेळ तिला ठोठावू दिलं, तितका वेळ तरी ठोठावावं, असं त्याला वाटत होतं. आणि ती रात्र, सांगितलं ना, तासानं मोठी.

उजाडलं. दार उघडंच होतं. आत कुणी नाही.

त्यानं दार बिजागरीतून काढलं, ट्रॅक्टरवर घातलं आणि रासिमकडं वर नेलं. अंगणात उतरवलं आणि भट्टीची जागा सांगितली. स्तानोयेचं नावही सांगितलं.

"माझ्या तोंडावर 'नाही' म्हणालास," रासिम म्हणाला. "दर वर्षी."

रासिमनं हात पुढं केला नाही, ओस्तोयानंही मागितला नाही.

वसंतात भट्टीमागं खोदलं. सापडली. पुढच्या जुलैत तिला दफन केलं, मी खांदा दिला. ओस्तोया कब्रस्तानाच्या बाहेर रस्त्यावर टोपी हातात घेऊन उभा होता, आत आला नाही. पुढं कोर्टात साक्षही दिली त्यानं. त्याच्या आळीत आता त्याच्याशी कुणी बोलत नाही, पोरं फाटकावर घाण टाकतात. स्तानोये सरहद्दीपलीकडं, सर्बियात आहे. समन्स जातात, परत येतात.

"आणि हे सगळं कोर्टात सांगितलं?" तारिकनं विचारलं. "भुताचं?"

"भुताचं कोर्टात कोण लिहून घेणार? ते मला सांगितलं. माझ्याकडं न बघता, कॉफीत बघत." आजोबांनी घसा साफ केला. "आणखी एक सांगितलं. सकाळी तो उठला, तेव्हा त्याचे बूट पायरीवर वळवलेले होते. रात्री त्यानं दाराकडं तोंड करून काढले होते. आता चवडे रस्त्याकडं, जोडी जुळवून, नाड्या आत खोचून. आपल्याकडं पाहुणा आत बसला की घरातली बाई ठेवते ना तसे, निघताना त्याला सरळ पाय घालता यावा म्हणून."

"पण तो तिथंच बसला होता ना रात्रभर?"

"हाताच्या अंतरावर. डोळा लागला नव्हता, शपथेवर सांगतो म्हणाला."

तारिकनं अंधारात ओसरीच्या पायरीकडं बघितलं.

"अंगणात दहिवर गोठून पांढरं झालं होतं, पोरांनो. त्यानं पाय घातले... बूट आतून ऊबदार होते."